हप्ता झेपतो, पण घर कितीला पडतं? गृहकर्जाचा पूर्ण हिशेब



गेल्या महिन्यात एका गटाच्या बैठकीला गेले होते. बचत गोळा झाली, कर्जफेड झाली, सह्या झाल्या. उठता उठता एक ताई म्हणाली, "मॅडम, आमचं घराचं कर्ज मंजूर झालंय. पाच लाख. येत्या सोमवारी सह्या करायला बोलावलंय."

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. तिचं घर आम्ही पाहिलेलं आहे. मातीच्या भिंती आणि वर पत्रा. पावसाळ्यात रात्रभर भांडी मांडून ठेवायची. तिला घर हवंच होतं, त्याबद्दल कुणाचं दुमत नव्हतं.

मी विचारलं, "हप्ता किती?"

"पंधरा वर्षांना सहा हजार एक. पण साहेब म्हणाले, जड वाटत असेल तर वीस वर्षं करून देतो, साडेपाच हजार बसेल. आम्ही वीसच करतोय. महिन्याला पाचशे रुपये वाचतात ना!"

"आणि एकूण किती भरायचे?"

ताई गप्प झाली. शेजारच्या आक्का म्हणाल्या, "पाच लाखाचे सहा-सात होत असतील की." दुसरी म्हणाली, "आठ." खरा आकडा कुणालाच माहीत नव्हता. गटाच्या वीस हजारांच्या कर्जाचं व्याज तोंडपाठ सांगणाऱ्या आम्ही बायका, आणि आयुष्यातल्या सगळ्यात मोठ्या कर्जाचा हिशेब एकीलाही सांगता येईना.

त्या दिवशी बैठक आणखी दीड तास चालली. खडू आणि फळा घेऊन जो हिशेब मांडला, तोच या अंकात देते आहे. घर बांधू नका, असं मला अजिबात म्हणायचं नाही. गळक्या पत्र्याखाली राहण्याचीही किंमत असतेच. आजारपण, पोरांचा अभ्यास, भिजलेलं धान्य यांतून ती आपण भरतच असतो. फक्त सही करण्याआधी घर कितीला पडणार, हे आपल्याला कळलं पाहिजे.

आधी ओळखीचा हिशेब

आपल्या गटात शेकडा एक रुपया व्याज असतं, म्हणजे महिन्याला १ टक्का. एखादीने २०,००० रुपये घेतले आणि २० महिन्यांत दरमहा १,००० मुद्दल फेडलं, तर पहिल्या महिन्याचं व्याज २००, दुसऱ्याचं १९०, तिसऱ्याचं १८०, असं उतरत उतरत शेवटी १० रुपये. सगळं मिळून व्याज होतं २,१०० रुपये. म्हणजे शंभर रुपयांमागे साडेदहा रुपये.

ताईच्या घरकर्जाचा दर वर्षाला १२ टक्के होता, म्हणजे महिन्याला १ टक्काच. आपल्या गटाचाच दर! मग पंधरा वर्षांच्या कर्जात शंभर रुपयांमागे व्याज किती जात असेल? ११६ रुपये. शंभराचे दोनशे सोळा होतात.

दर तोच असून एवढा फरक पडतो, कारण मुदत वेगळी आहे. गटाचा पैसा आपण वीस महिने वापरतो आणि इथे १८० महिने. ज्या महिन्यात मुद्दल आपल्याकडे आहे, त्या प्रत्येक महिन्याचं भाडं द्यावं लागतं. व्याज म्हणजे पैशाचं भाडंच. आज झालेल्या हिशेबातली ही सगळ्यात महत्त्वाची गोष्ट आहे.

(हिशेब सोपा जावा म्हणून या लेखात सगळीकडे १२ टक्के दर धरला आहे. तुमचा दर कमी-जास्त असेल, पण हिशेबाची रीत हीच.)

पहिला हप्ता जातो कुठे?

पाच लाखांवर एका महिन्याचं व्याज १ टक्क्याने ५,००० रुपये. हप्ता ६,००१ चा. त्यातले ५,००० व्याजात गेले आणि कर्जातून कमी झाले फक्त १,००१. दुसऱ्या महिन्यात शिल्लक राहिली ४,९८,९९९. तिचं व्याज ४,९९०, मुद्दल कमी झालं १,०११. हळूहळू व्याजाचा वाटा कमी होत जातो आणि मुद्दलाचा वाढत जातो. शेवटच्या, म्हणजे १८०व्या हप्त्यात व्याज असतं जेमतेम ६० रुपये.

म्हणून सुरुवातीची वर्षं फसवी वाटतात. पहिल्या वर्षात आपण ७२,००० रुपये भरतो, त्यातून मुद्दल फिटतं १२,७०० च्या आसपास. पाच वर्षं झाली की भरलेले असतात ३ लाख ६० हजार, आणि कर्ज शिल्लक असतं ४ लाख १८ हजार! निम्मं मुद्दल, म्हणजे अडीच लाख, फिटायला साडेदहा वर्षं लागतात.

हे ऐकून एक मावशी म्हणाली, "मग ही फसवणूकच की!" नाही. शिल्लक मुद्दलावरच व्याज लावलेलं आहे, हिशेब बरोबर आहे. पण हप्ता सारखा ठेवला की असंच होतं. गटात आपण मुद्दल सारखं फेडतो, म्हणून सुरुवातीचे हप्ते मोठे असतात आणि कर्ज पटपट उतरतं. घरकर्जात हप्ता सारखा असतो, म्हणून सुरुवातीला मुद्दल हलत नाही. पाच वर्षांनी कुणी म्हणालं, "एवढे भरले तरी एवढं बाकी कसं?" तर त्याचं उत्तर हे आहे.

मुदत वाढली की काय होतं?

आता ताईचा प्रश्न. दहा, पंधरा की वीस वर्षं? पाच लाख रुपये, १२ टक्के:

- १० वर्षं: हप्ता ७,१७४. एकूण भरणा सुमारे ८ लाख ६१ हजार. व्याज ३ लाख ६१ हजार.
- १५ वर्षं: हप्ता ६,००१. एकूण भरणा सुमारे १० लाख ८० हजार. व्याज ५ लाख ८० हजार.
- २० वर्षं: हप्ता ५,५०५. एकूण भरणा सुमारे १३ लाख २१ हजार. व्याज ८ लाख २१ हजार.

पंधराची वीस वर्षं केली तर महिन्याला ४९६ रुपये वाचतात आणि शेवटी २ लाख ४१ हजार रुपये जास्त जातात. हा आकडा फळ्यावर लिहिला तेव्हा ताई खाली बसली. "दोन म्हशी आल्या असत्या," एवढंच म्हणाली.

उलट बाजूही बघा. पंधराची दहा वर्षं केली तर हप्ता १,१७३ रुपयांनी वाढतो, पण २ लाख १९ हजार वाचतात. दुधाच्या बिलातून महिन्याला तेवढे काढता येत असतील तर विचार करायला हरकत नाही.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. आजचे सहा हजार आणि पंधरा वर्षांनंतरचे सहा हजार सारखे नसतात. महागाई वाढते तशी मजुरीही वाढते, आणि पुढच्या वर्षांत तोच हप्ता थोडा हलका वाटतो. म्हणून हप्ता इतकाही मोठा घेऊ नये, की पहिल्याच दुष्काळात किंवा दवाखान्याच्या खर्चात तो चुकेल. झेपेल तेवढा हप्ता आणि झेपेल तेवढी कमी मुदत, या दोन्हींचा मेळ घालायचा असतो. घरात नक्की येणाऱ्या उत्पन्नाच्या तिसऱ्या हिश्श्यापेक्षा सगळे हप्ते मिळून जास्त होऊ नयेत, हा अंदाज बरा. "नक्की येणारं" म्हणजे दुधाचं बिल, पगार, दुकानाची कमाई. वर्षातून एकदा येणारं ऊसबिल महिन्याच्या हप्त्यात धरू नका, ते जादा भरणा करायला ठेवा.

"फक्त आठ टक्के" कुणी म्हटलं तर

काही ठिकाणी सांगतात, "आमचा दर फक्त ८ टक्के, फ्लॅट." हा शब्द ऐकला की कान टवकारा. फ्लॅट म्हणजे पूर्ण मुदतभर मूळ रकमेवर व्याज. तुम्ही अर्धं मुद्दल फेडलं तरी व्याज पाच लाखांवरच.

पाच लाखांवर ८ टक्के म्हणजे वर्षाला ४०,०००. दहा वर्षांचे ४ लाख. एकूण ९ लाख, हप्ता ७,५००. आणि घटत्या शिलकीवर १२ टक्क्यांचा हप्ता किती होता? ७,१७४. म्हणजे आठ टक्के फ्लॅट हे बारा टक्क्यांपेक्षा महाग पडलं! घटत्या शिलकीच्या भाषेत तो दर १३ टक्क्यांच्या थोडा वर जातो.

म्हणून नुसता दर विचारू नका. विचारा, "व्याज घटत्या शिलकीवर आहे का? आणि शेवटपर्यंत एकूण किती भरायचे?" दुसऱ्या प्रश्नाच्या उत्तरात काही लपवता येत नाही.

दोन-तीन ठिकाणी चौकशी करणंही तितकंच गरजेचं. पंधरा वर्षांच्या त्याच पाच लाखांना १२ ऐवजी ९ टक्के दर मिळाला, तर हप्ता ५,०७१ होतो आणि एकूण १ लाख ६७ हजार वाचतात. कागद पूर्ण असतील तर बँकेत थोडे हेलपाटे जास्त पडले तरी चालतील.

दर बदलतो आणि कर्ज लांबतं

बरीच घरकर्जं बदलत्या दराची असतात. दर वाढला की बहुतेक वेळा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली जाते. आपल्याला कळतही नाही, कारण खात्यातून जाणारी रक्कम तीच असते.

समजा, ताईचं कर्ज सुरू झाल्या झाल्या दर १२ चा १३ झाला आणि हप्ता ६,००१ च राहिला. तर १८० ऐवजी २१६ हप्ते भरावे लागतील. एका टक्क्याने तीन वर्षं वाढली आणि सव्वादोन लाखांच्या घरात जादा पैसे गेले.

रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये याबद्दल नियम केला. दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची संधी कर्जदाराला द्यावी लागते. मधूनच पूर्ण किंवा काही रक्कम फेडायची मुभाही असते. दर तीन महिन्यांनी विवरण द्यावं लागतं: आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज घेतलं, हप्ता किती, किती हप्ते उरले, दर किती. ते विवरण मागा आणि गटाच्या फाईलसारखं जपून ठेवा. "किती हप्ते उरले" हा रकाना आधी बघायचा.

हप्त्यात न दिसणारा खर्च

ताईच्या कागदांत आणखी काही आकडे निघाले.

प्रक्रिया शुल्क २ टक्के, म्हणजे १०,००० आणि त्यावर जीएसटी १,८००. शिवाय वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणखताचा मुद्रांक, हेलपाट्यांचा खर्च. हे पैसे हातात असायला हवेत, नाहीतर कर्ज मिळायच्या आधीच उसनवारी सुरू होते.

विम्याचे १५,००० रुपये कर्जातच मिळवले होते. विमा वाईट नाही. कर्त्या माणसाचं काही झालं तर घर वाचतं. पण तो कर्जात मिळवला की त्यावरही पंधरा वर्षं व्याज लागतं आणि १५,००० चा विमा ३२,४०० ला पडतो. रोख भरता आला तर रोख भरा. कुणाच्या नावाचा विमा आहे, किती रकमेचा, किती वर्षांचा, हे वाचून घ्या. विमा पतीचा आणि कमावती बाई, असंही होतं!

बांधकाम चालू असतानाचं व्याज वेगळं. कर्ज टप्प्याटप्प्याने मिळतं: पाया, जोता, स्लॅब. मिळालेल्या रकमेवर व्याज लगेच सुरू होतं. तीन लाख उचलले असतील तर महिन्याला ३,००० नुसतं व्याज, त्यातून मुद्दल एक रुपयाही कमी होत नाही. गवंडी मिळाला नाही, पावसाने काम थांबलं, वाळू आली नाही, आणि सहा महिने गेले तर १८,००० असेच जातात. म्हणून काम दिवाळीनंतर सुरू करा. गवंड्याशी बोलून, साहित्याचा दर काढून मगच पैसे उचला.

आणि चुकलेला हप्ता. खात्यात पैसे नसले की बँकेचा बाऊन्सचा आकार वेगळा आणि कर्ज देणाऱ्याचा दंड वेगळा. नियमाप्रमाणे दंडाची रक्कम मुद्दलात मिसळून त्यावर पुन्हा व्याज लावता येत नाही. तसं दिसलं तर विचारा. पण ९० दिवस थकलं की खातं थकीत कर्जात जातं. त्यापुढे साठ दिवसांची नोटीस देऊन घराचा ताबा घेण्यापर्यंत गोष्ट जाऊ शकते. अडचण आली तर लपू नका. हप्ता चुकायच्या आधीच शाखेत जा आणि लेखी अर्ज द्या. घराचा हप्ता भरायला महागडं मायक्रोफायनान्स उचलायचं, हा रस्ता तर मुळीच धरू नका. त्या रस्त्यावर एका हप्त्याचे तीन हप्ते होतात.

खर्च कमी करायचे तीन उपाय

पहिला उपाय, कमी काढा. १२ टक्के आणि पंधरा वर्षांच्या हिशेबाने १ लाख कमी काढले की २ लाख १६ हजार कमी भरावे लागतात. घरकुलाच्या यादीत नाव आहे का, ते ग्रामपंचायतीत आधी बघा. प्रधानमंत्री आवास योजना ग्रामीणमध्ये सपाट भागात १ लाख २० हजार रुपये अनुदान आहे. ते फेडायचं नसतं. नाव असेल तर कर्जाची रक्कम तेवढी खाली येते.

दुसरा उपाय, थोडं थोडं जास्त भरा. पंधरा वर्षांच्या कर्जात दरमहा फक्त ५०० रुपये जास्त भरले, तर कर्ज सव्वाबारा वर्षांत फिटतं आणि १ लाख २२ हजारांच्या आसपास वाचतात. गटात आपण महिन्याला शंभर-दोनशेची बचत करतोच. तशीच ही बचत समजा.

तिसरा उपाय, मोठी रक्कम आली की मुद्दलात भरा. तीन वर्षांनी ऊसबिलातून एकदाच ५०,००० भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर ३० हप्ते कमी होतात. पन्नास हजार घालून १ लाख ३० हजार वाचले! मात्र भरताना लिहून द्या, "ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी." नाहीतर हप्ता कमी करून देतात आणि फायदा कमी होतो. जितक्या लवकर भराल, तितका फायदा मोठा.

घरासाठी वैयक्तिक नावावर घेतलेलं बदलत्या दराचं कर्ज लवकर फेडलं, तर बँक किंवा गृहवित्त कंपनी दंड लावू शकत नाही. स्थिर दराच्या कर्जात अट वेगळी असू शकते, ती आधी वाचा.

सही करण्याआधी

१ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या कर्जांसाठी रिझर्व्ह बँकेने एक कागद सक्तीचा केला आहे. त्याला 'की फॅक्ट स्टेटमेंट' म्हणतात, म्हणजे कर्जाची मुख्य माहिती एका जागी. त्यात दर, हप्ता, सगळी शुल्कं आणि ती सगळी धरून होणारा वार्षिक दर असतो. हप्त्याहप्त्याचं कोष्टकही असतं. हा कागद कर्जदाराला कळणाऱ्या भाषेत द्यावा आणि समजावून सांगावा, असा नियम आहे. दिल्यावर विचार करायला किमान तीन कामाचे दिवस मिळतात. तेव्हा "आजच सही करा, नाहीतर मंजुरी जाईल" याला घाबरू नका. "मराठीतला कागद द्या, घरी नेऊन वाचते," असं ठामपणे म्हणा.

तक्रार असेल तर आधी त्या संस्थेकडे लेखी द्या आणि पोच घ्या. कर्ज बँकेचं असेल आणि ३० दिवसांत समाधान झालं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं. माहितीसाठी १४४४८ हा क्रमांक आहे. एक लक्षात ठेवा, हे नियम बँका आणि वित्त कंपन्यांना लागू आहेत. पतसंस्था सहकार खात्याखाली येतात. तिथे कर्ज काढताना अटी आणखी बारकाईने वाचा.

हप्त्यात नाव आहे, घरात आहे का?

हा प्रश्न मी मुद्दाम शेवटी ठेवला. बाईला सहकर्जदार करायला सगळे तयार असतात. सही तिची, फोटो तिचा, कर्ज चुकलं तर जबाबदारीही तिची. पण ताईचे कागद पाहिले तर जागा सासऱ्यांच्या नावावर आणि घराची नोंद पतीच्या नावावर. वीस वर्षं फेडणार ती, आणि कागदावर घर दोघा पुरुषांचं.

ग्रामपंचायतीच्या नमुना ८ ला पती-पत्नी दोघांची नावं लावता येतात. तेवढं तर कराच. पण नमुना ८ ही करआकारणीची नोंद आहे, मालकीचा पक्का पुरावा नाही. गावठाणात ड्रोन मोजणी झाली असेल तर मालमत्ता पत्रकावर कुणाचं नाव आहे ते बघा. जागा सासऱ्यांची असेल तर बांधकामाआधी घरात बसून शांतपणे बोला. आज घरात गोडी आहे तोवर हे काम होतं, उद्या वाटणीच्या वेळी होत नाही.

आणि कर्ज फिटल्यावर? 'ना-देय दाखला' घ्या, मूळ कागद परत घ्या, आणि उताऱ्यावर चढलेला बोजा उतरवून नवा उतारा काढा. पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यायचे, आणि संस्थेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यायची, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. कर्ज फिटूनही बोजा तसाच राहिलेली कितीतरी घरं आपल्या गावांत आहेत. पुढच्या पिढीला त्याचा त्रास होतो.

ताईने काय ठरवलं?

सोमवारी ती सही करायला गेली नाही. घरी जाऊन नवऱ्याला फळ्यावरचे आकडे वहीतून वाचून दाखवले. दोघांनी गवंड्याला पुन्हा बोलावलं. तीन खोल्यांचं घर होतं, ते आधी दोन खोल्या आणि स्वयंपाकघर असं केलं. मागची खोली नंतर. पाच लाखांचे साडेतीन लाख झाले. मुदत दहा वर्षं.

हप्ता किती बसला? ५,०२१. पाच लाखांच्या वीस वर्षांच्या हप्त्यापेक्षाही कमी! एकूण भरणा सुमारे ६ लाख ३ हजार, व्याज अडीच लाखांच्या आसपास. आधीच्या बेतात नुसतं व्याजच ८ लाख २१ हजार होतं.

विम्याचे पैसे तिने गटातून घेऊन रोख भरले. नमुना ८ ला तिचं नाव लागलं. त्यासाठी सासूबाई स्वतः ग्रामपंचायतीत आल्या, हे विशेष. मागच्या खोलीच्या जागी अजून पत्र्याचं शेड आहे आणि पाहुणे आले की अडचण होते. ती म्हणते, "होईल तीही. पण ती कर्जाशिवाय."

गटात करून बघा

पुढच्या बैठकीत अर्धा तास काढा. ज्यांच्या घरी घरकर्ज आहे, त्यांनी कागद घेऊन या.

१. हप्ता गुणिले हप्त्यांची संख्या करा. एकूण भरणा किती येतो? तो मुद्दलाच्या किती पट आहे?
२. या महिन्याच्या हप्त्यातलं किती व्याजात गेलं आणि किती मुद्दलात? माहीत नसेल तर शाखेतून विवरण मागायचा अर्ज गटातच लिहा.
३. सुरुवातीला किती हप्ते ठरले होते आणि आता एकूण किती होत आहेत? वाढले असतील तर का?
४. महिन्याला ५०० किंवा वर्षाला एक रक्कम जास्त भरता येईल का?
५. घर कुणाच्या नावावर आहे?

ज्यांना आकडेमोड जमत नाही, त्यांनी लाजू नका. गटाच्या लेखापाल ताईला किंवा बँक सखीला सांगा, फोनवर दोन मिनिटांत निघतं. आणि घरी कुणी म्हणालं, "हिशेबातलं तुला काय कळतं?" तर त्यांना वीस हजारांचं गटाचं व्याज विचारा. ते तुम्हाला कळतं, तर हेही कळतंच.